राक्षसाने परत फेकलेली कुऱ्हाड : विनोदी, अहिंसक कोडे-खेळांची पार्श्वभूमी

पुलावर राक्षस उभा आहे. मौल्यवान काही दिल्याशिवाय तो पलीकडे जाऊ देत नाही. खेळाडूकडे कुऱ्हाड आहे, म्हणून तो ती राक्षसावर फेकतो. राक्षस ती अलगद झेलतो, उलटसुलट करून बघतो आणि परत टाकतो. काम छान आहे म्हणतो, पण एवढ्या किमतीच्या वस्तूने भागणार नाही!

'कोलॉसल केव्ह ॲडव्हेंचर' या गेममधला हा प्रसंग. गेममध्ये चित्र एकही नाही. खेळाडूने शब्द टाइप करायचे आणि प्रोग्रामने वाक्यांत उत्तर द्यायचे. विल क्राउदर यांनी तो १९७६च्या सुमारास पीडीपी-१० संगणकावर फोरट्रान भाषेत लिहिला आणि डॉन वूड्स यांनी १९७७ मध्ये वाढवला. विनोदी आणि मारामारी टाळणाऱ्या कोडे-खेळांची सगळी रीत राक्षसाच्या त्या उत्तरात आहे. हल्ला करण्याची मुभा आहे, शिक्षा काही नाही, पण हल्ल्याचा उपयोगही नाही आणि वर थट्टा होते. (पुढे बऱ्याच कोड्यांचे तोडगे उघड केले आहेत. स्वतः सोडवायची असतील तर इथेच थांबावे.)

याच गेममधला सापाचा अडथळा बघू. भुयारातल्या मोठ्या दालनात हिरवा साप वाट अडवून बसलेला असतो. त्याच्यावर हल्ला करायला सांगितले की प्रोग्राम कळवतो, उपयोग तर नाहीच, शिवाय जिवावरचे काम आहे. खरा तोडगा एका लहानशा पक्ष्याकडे असतो. वेताचा पिंजरा घ्यायचा, पक्षी पकडायचा, सापासमोर सोडायचा. पक्षी सापाला पळवून लावतो. पण पक्षी पकडतानाच बहुतेकांचे घोडे अडते. हातात काळी काठी असली तर तो घाबरतो आणि सापडत नाही. ती काठी पुढे दरीवर पूल उभा करायला लागते, म्हणून ती कोणी खाली ठेवायला धजत नाही. काठी ठेवा, पक्षी पकडा, मग काठी उचला, एवढेच करायचे असते. रागाच्या भरात पक्ष्यालाच मारले तर तो मरतो, आणि सापाचा उपाय त्याच्याबरोबर जातो.

राक्षसाचे कोडे याहून रंगतदार. पहिल्यांदा पूल ओलांडताना त्याला सोन्याची अंडी द्यायची. पलीकडे पोचल्यावर 'फी', 'फाय', 'फो', 'फू' हे चार शब्द याच क्रमाने एकेक करून टाइप केले की अंडी मूळ जागी परत जातात. पूल ओलांडण्याआधीच घाई केली तर फसवणूक राक्षसाच्या लक्षात येते आणि तो पुन्हा आडवा येतो. पलीकडे साखळीने बांधलेले अस्वल आहे. त्याच्यावर कुऱ्हाड फेकली तर ती नेम चुकून अस्वलाच्या पायाशी पडते आणि उचलता येत नाही. त्याला खाऊ घातले, सुरुवातीच्या इमारतीतल्या किल्ल्यांनी साखळी सोडली, की ते गरीब होऊन मागे मागे चालू लागते. परतीच्या वाटेवर पुलाजवळ अस्वल मोकळे सोडायचे. त्याला पाहून राक्षस पळतो. अस्वलाला सोबत घेऊनच पुलावर पाऊल टाकले तर मात्र वजनाने पूल कोसळतो.

हा गेम पूर्ण अहिंसक आहे असे नाही. त्यातल्या बुटक्यांना कुऱ्हाडीनेच मारावे लागते. ड्रॅगनवर कुऱ्हाड आपटून परत येते, पण त्याला मारायला सांगितल्यावर प्रोग्राम "कशाने? नुसत्या हातांनी?" असे विचारतो. खेळाडूने "हो" टाइप केले की ड्रॅगन खरोखर मरतो, आणि यावर विश्वास बसत नाही ना, असे प्रोग्रामच म्हणतो. हिंसा चालली तीसुद्धा विनोद म्हणून.

हे सगळे कुणा शांततावाद्याने ठरवून केले नव्हते. कारण कारागिरीचे आहे. शस्त्र म्हणजे सगळ्या कुलपांना लागणारी किल्ली. ती एकदा हाती आली की साप, राक्षस, अस्वल सगळे सारखेच, कोणाचा जीव किती एवढाच फरक. शस्त्र निकामी केले की प्रत्येक अडथळ्याला त्याचे स्वतःचे कुलूप द्यावे लागते. सापाला काय खुपते, अस्वलाला काय हवे, राक्षस कशाला भितो, याचा विचार खेळाडूला करावा लागतो. आणि असा विचार दहा वेळा चुकतो. चुकीच्या दहा प्रयत्नांना 'हे जमणार नाही' असे एकच कोरडे उत्तर आले तर माणूस कंटाळून उठतो. म्हणून चुकीच्या प्रयत्नालाही काहीतरी पदरात पडावे लागते, आणि ते म्हणजे विनोद. अहिंसक कोडे-खेळ इतके विनोदी का असतात, याचे माझ्या मते हेच उत्तर आहे.

इन्फोकॉम कंपनीच्या 'झॉर्क १' (१९८०) मध्ये तलवार भरपूर चालते, पण तिथेही उतावळेपणा महागात पडतो. रत्नजडित अंडे खेळाडूला उघडता येत नाही. जबरदस्ती केली तर आतला सोन्याचा पक्षी मोडतो. ते नीट उघडण्याचे कसब फक्त चोराकडे असते. त्याला अंडे मिळण्याआधीच त्याचा काटा काढला तर ते अंडे कायमचे बंद.

रॉबर्टा विल्यम्स यांच्या 'किंग्ज क्वेस्ट' (१९८४) ने पुढचे पाऊल टाकले आणि अहिंसेला गुण लावले. ड्रॅगनवर खंजीर फेकून त्याला मारता येते, पण बादलीभर पाणी फेकून त्याची आग विझवली तर गुण जास्त मिळतात. दुसऱ्या भागात वाटेतल्या सापाला तलवारीने मारले तर थोडे गुण मिळतात. त्याच्यावर लगाम टाकला तर तो पंखांचा घोडा होतो, जास्त गुण मिळतात आणि वर साखरेचा खडाही मिळतो. पुढच्या विषारी काटेरी झुडपांतून हा खडाच तारून नेतो. म्हणजे तलवार चालवणारा पुढे जातो, पण रिकाम्या हाताने.

या काळातल्या गेमचा एक मोठा दोष होता. खेळाडू कोणाला मारत नसे, पण गेम मात्र खेळाडूला उठसूट मारत असे, किंवा त्याहून वाईट म्हणजे न सांगता कायमचा अडकवून ठेवत असे. इन्फोकॉमच्याच 'द हिचहायकर्स गाईड टू द गॅलेक्सी' (१९८४) या गेममधले बेबल माशाचे (कानात घातला की कोणतीही भाषा समजते असा मासा) कोडे यासाठी बदनाम आहे. यंत्राचे बटण दाबले की मासा उडून समोरच्या भोकात जातो. म्हणून भोकावरच्या हुकाला गाऊन टांगायचा. मग मासा गाऊनवरून घसरून गटाराच्या जाळीतून निसटतो. जाळीवर टॉवेल टाकायचा. मग साफसफाईचा रोबो येऊन मासा उचलतो आणि भिंतीतल्या झडपेतून पसार होतो. झडपेपुढे झोळी ठेवायची. रोबो झोळीवर आपटतो, मासा वर उडतो आणि वरून येणारा दुसरा रोबो त्याला झेलतो. झोळीवर जाहिरातींची टपालपत्रे ठेवली की दुसरा रोबो ती गोळा करण्यात गुंततो आणि मासा एकदाचा कानात पडतो. विनोदाची चढती भाजणी म्हणून याला तोड नाही. पण ती टपालपत्रे गेमच्या सुरुवातीला घराच्या दारात पडलेली असतात, आणि एव्हाना पृथ्वीच नष्ट झालेली असते. ती तेव्हा उचलली नसतील तर सगळे पहिल्यापासून. मासेही मोजकेच.

यावर तोडगा काढला लुकासफिल्म गेम्सच्या रॉन गिल्बर्ट यांनी. १९८७च्या 'मॅनिअक मॅन्शन'मध्ये त्यांनी आणि गॅरी विनिक यांनी टायपिंगऐवजी पडद्यावर क्रियापदे दिली, म्हणजे योग्य शब्द शोधण्याचा जाच संपला. १९८९ मध्ये त्यांनी एक लेख लिहिला. खेळाडूला आगाऊ कल्पना नसताना मारू नये आणि वाट कायमची बंद करू नये, असा त्याचा रोख होता. पुढच्याच वर्षी टिम शेफर आणि डेव्ह ग्रॉसमन यांच्यासह केलेला 'द सिक्रेट ऑफ मंकी आयलंड' हा समुद्री चाच्यांचा गेम आला. त्यात मरणे जवळपास अशक्य आहे. नायक पाण्याखाली दहा मिनिटे श्वास रोखू शकतो, आणि तिथे दहा मिनिटे नुसते बसून राहिलात तरच बुडतो.

या गेममधली तलवारबाजी हा या परंपरेचा कळस. जुन्या चित्रपटांतले तलवारबहाद्दर लढता लढता एकमेकांना टोमणे मारतात, तिथून गिल्बर्ट यांना ही कल्पना सुचली. इथे तलवार नावापुरती. एकाने टोमणा मारायचा, दुसऱ्याने नेमके प्रत्युत्तर द्यायचे. तू गवळ्यासारखा लढतोस, असे कोणी म्हणाला की शोभतेच, कारण तू गाईसारखा लढतोस, हे उत्तर. अशा एकूण १६ जोड्या आहेत. सुरुवातीला त्या माहीत नसतात, म्हणून मुद्दाम हरावे लागते. समोरच्या चाच्याने नवा टोमणा मारला की तो आपल्या यादीत येतो. तोच पुढच्या चाच्याला ऐकवायचा. त्याला उत्तर येत असेल तर आपण फेरी हरतो, पण उत्तर शिकतो. जिंकण्याच्या हट्टाने फक्त पाठ झालेले टोमणे वापरत राहणारे इथे रखडतात. शेवटी तलवारबाजीची उस्ताद बाई भेटते आणि तिचे सगळे टोमणे नवे असतात. प्रत्युत्तरे मात्र जुनीच चपखल बसतात, फक्त कोणते कुठे हे ओळखायचे. पाठांतराचे एका क्षणात कोडे होते.

याच गेममध्ये गव्हर्नरच्या वाड्याबाहेर खुनशी कुत्रे आहेत. त्यांना मांसाच्या तुकड्यातून पिवळ्या फुलाची पाकळी खाऊ घालायची. ते आडवे झाले की पडद्यावर सूचना झळकते, की कुत्रे मेलेले नाहीत, फक्त झोपले आहेत. चिंता दूर करण्याचे हे सोंग म्हणजे हिंसेवरच्या आरडाओरड्याला मारलेली कोपरखळीच. तो आरडाओरडा जुना होता. १९७६ मध्ये 'डेथ रेस' या आर्केड यंत्रावरून अमेरिकेत गदारोळ झाला होता. १९९३च्या डिसेंबरमध्ये अमेरिकी सेनेटमध्ये सुनावण्या झाल्या आणि १९९४ मध्ये ईएसआरबी हे गेमना वयोगट ठरवून देणारे मंडळ आले. या मंडळाने डब्यावर शिक्का आणला. नवे कोडे त्यातून आले नाही.

'लेमिंग्ज' (१९९१) ओझरता सांगतो, कारण तो या वंशातला वाह्यात भाऊ. स्कॉटलंडच्या डंडी शहरातल्या डीएमए डिझाइनचा हा गेम माइक डेली यांनी ८ बाय ८ पिक्सेलमध्ये चालती माणसे करून दाखवली त्यातून निघाला. बिनडोकपणे चालत राहणाऱ्या प्राण्यांना आठ प्रकारची कामे वाटून घरी पोचवायचे. बांधकाम करणारा १२ विटा रचतो आणि थांबतो. तेरावी लागणार असेल तर त्याला वेळेत पुन्हा नेमावे लागते, नाहीतर मागची रांग खड्ड्यात. शत्रू नाही, उद्देश जीव वाचवण्याचा, तरीही आपल्याच एखाद्याला बॉम्ब व्हायला सांगावे लागते. अहिंसक म्हणायचे की नाही, ते ज्याचे त्याने ठरवावे.

२००७चा 'पोर्टल' 'नार्बाक्युलर ड्रॉप' या विद्यार्थ्यांच्या गेममधून उगवला. दिसायला तो बंदुकीचा गेम, पण त्या बंदुकीतून फक्त दारे उघडतात. एका पातळीत ठोकळा शेवटपर्यंत सोबत न्यायचा होता आणि चाचणीतले खेळाडू तो मागेच विसरत. गेम करणाऱ्या वॉल्व्ह कंपनीने ठोकळ्यावर हृदयाचे चित्र काढले आणि निवेदिकेला त्याच्याबद्दल बोलायला लावले. त्यानंतर कोणी तो विसरेना. गोळ्या झाडणारी स्वयंचलित यंत्रेही आडवी पडताना, तुझ्यावर राग नाही, असे सौम्यपणे सांगतात.

टोबी फॉक्स यांच्या 'अंडरटेल'ने (२०१५) जुन्या सवयीवरच बोट ठेवले. त्यात प्रत्येक चकमकीत हल्ल्याबरोबर कृती आणि दया हेही पर्याय असतात. कौतुक करा, थोपटा, विनोद सांगा. समोरच्याचे नाव पिवळे झाले की दया दाखवून सोडून द्या. कोणालाच मारले नाही तर खेळाडूची पातळी वाढत नाही आणि त्याचा जीव, म्हणजे मार सोसण्याची ताकद दाखवणारा आकडा, शेवटपर्यंत २० च राहतो. म्हणून या मार्गावर खाऊ आणि चिलखत जवळ ठेवणे गरजेचे. इतर गेममध्ये अनुभवाचे गुण दाखवणारी 'ईएक्सपी' ही अक्षरे इथे शेवटी 'एक्झिक्युशन पॉइंट्स', म्हणजे जीव घेतल्याचे गुण, निघतात.

या गेममध्ये सर्वांत जास्त जण फसतात ते टोरिएल या पात्रापाशी. ती खेळाडूला प्रेमाने सांभाळते आणि मग दार अडवते. बोलून उपयोग होत नाही. मग सवयीने वाटते की आधी थोडे नमवावे आणि मग सोडावे. पण तिचा जीव बराच कमी झाला की पुढचा एकच घाव तिला संपवतो. योग्य उपाय कंटाळवाणा दिसतो. दया, पुन्हा दया, पुन्हा पुन्हा दया. उत्तरादाखल फक्त टिंबे येतात, म्हणून काही घडत नाही असे वाटून लोक मध्येच सोडतात. आपला जीव अगदी कमी झाला की तिच्या ज्वाळा आपल्याला चुकवून जाऊ लागतात, हा खरा इशारा. तिला चुकून मारून जुना सेव्ह उघडला, तर तुम्ही काय केलेत ते एक फूल तुम्हाला ऐकवते.

पुढे अंडाइन या योद्धीशी लढताना आधी जागचे हलता येत नाही. ती अधूनमधून मोकळे सोडते, तेव्हा पळायचे. उष्ण प्रदेशात चिलखतातली अंडाइन कोसळते. शेजारच्या कूलरमधून पाणी आणून तिच्यावर ओतायचे. ३१ वर्षांपूर्वी ड्रॅगनवर फेकलेले पाणी इथे शत्रूला वाचवायला येते.

मेलबर्नच्या हाउस हाउसचा 'अनटायटल्ड गूस गेम' (२०१९) २०१६ मध्ये आपसातल्या चॅटवर टाकलेल्या हंसाच्या एका फोटोवरून सुरू झाला. हंस मरत नाही, कोणाला मारतही नाही. तो फक्त छळतो, आणि चोरीला कोणी हिंसा म्हणत नाही एवढीच त्याची सबब. हातात कामांची यादी. पहिल्या बागेत सहलीच्या चादरीवर आठ वस्तू जमवायच्या असतात: सँडविच, सफरचंद, भोपळा, गाजर, जॅम, थर्मास, रेडिओ आणि टोपली. माळ्याने पाहिले तर तो वस्तू हिसकावून जागेवर नेऊन ठेवतो. नुकसान एवढेच. रेडिओ चालू असताना ओढला तर आवाजाने तो धावत येतो, म्हणून माळी दुसऱ्या टोकाला असतानाच तो हलवावा.

शेवटचे काम मात्र उलटे आहे. गावाच्या छोट्या प्रतिकृतीतून घंटा चोरायची आणि आतापर्यंत छळलेल्या सगळ्यांसमोरून घरी न्यायची. पावलागणिक ती चोचीत वाजते, त्यामुळे लपायची सोय नाही. घरी पोचल्यावर हंस ती खड्ड्यात टाकतो. खड्ड्यात आधीच्या कितीतरी घंटा पडलेल्या असतात.