जॅक (इंग्रजी शब्द)

जॅक हे मुळात माणसाचे नाव. जॉनचे लाडाने जँकिन झाले आणि जँकिनचे जॅक. फ्रेंच ‘ज्याक’शी त्याचे साम्य दिसते, पण ते जेकबचे रूप आहे. मध्ययुगीन इंग्लंडमध्ये जॉन नावाची माणसे इतकी होती की जॅक म्हणजे कोणीही सोम्यागोम्या, असा अर्थ रूढ झाला. 1381 च्या शेतकरी बंडात हातोहात फिरलेल्या पत्रांत जॅक मिलर, जॅक कार्टर, जॅक ट्रूमन ही नावे येतात. दळणारा, गाडीवान आणि सच्चा माणूस, अशी ती कष्टकऱ्यांनी घेतलेली टोपणनावे होती. या शब्दाचे पुढचे बहुतेक अर्थ याच कष्टकरी माणसापासून निघाले आहेत.

लाकूडतोड्या ‘लंबरजॅक’ झाला, उंच मनोरे आणि धुराडी दुरुस्त करणारा ‘स्टीपलजॅक’, आणि खलाशी ‘जॅक टार’. पोऱ्याने करायचे काम एखादी वस्तू करू लागली की तिलाही पोऱ्याचेच नाव मिळे. स्वयंपाकघरात मांसाची सळई फिरवणारे यंत्र जॅक, पायातला बूट ओढून काढणारी फळी जॅक, आणि ओझे उचलणारे साधनही जॅक. लहानपणाची छटाही यातूनच आली. जहाजाच्या नाळेवरचा छोटा झेंडा जॅक, त्यावरून ‘युनियन जॅक’. हेडफोनची पिन जिथे घुसते त्या भोकालाही जॅक म्हणतात, ते नाव टेलिफोन एक्स्चेंजमधून आले. तिथला स्विच ‘जॅकनाइफ’ या मिटणाऱ्या चाकूसारखा दिसे.

पत्त्यांतला जॅक पूर्वी ‘नेव्ह’ होता, म्हणजे पोरगा किंवा चाकर. ऑल फोर्स नावाच्या खेळात हुकमाच्या नेव्हला जॅक म्हणत, पण ते बोलणे हलके समजले जाई. डिकन्सच्या ‘ग्रेट एक्स्पेक्टेशन्स’मध्ये (1861) पिप हा गरीब मुलगा नेव्हला जॅक म्हणतो, तेव्हा श्रीमंत घरातली एस्टेला त्याला हिणवते. त्या एका शब्दावरून मुलाची जात कळावी तशी तिला त्याची पायरी कळते. पुढे पानांच्या कोपऱ्यांत अक्षरे छापायची वेळ आली, तेव्हा नेव्हचे (Knave) ‘Kn’ राजाच्या (King) ‘K’शी गोंधळू लागले आणि गावंढळ ठरलेला जॅकच छापला गेला. मराठीने याच पानाला ‘गुलाम’ म्हटले. चाकराचा जुना अर्थ आपल्याकडे उघड राहिला, इंग्रजीत तो झाकला गेला. ‘जॅकपॉट’ही पत्त्यांतलाच: पोकरच्या एका प्रकारात निदान दोन गुलाम हातात असल्याशिवाय डाव उघडता येत नाही, तोवर मधली रक्कम फुगत राहते.

बोलीभाषेत मात्र जॅकचे फासे देश बदलला की बदलतात. अमेरिकेत तो कधी पैसा, तर कधी शून्य: ‘तुला जॅक कळत नाही’ म्हणजे तुला काडीचे कळत नाही. ‘जॅक्ड’ म्हणजे पिळदार अंगाचा. लंडनच्या यमक जुळवणाऱ्या बोलीत जॅक जोन्सचे यमक ‘अलोन’शी जुळवले, म्हणून ‘ऑन युअर जॅक’ म्हणजे एकटा. ऑस्ट्रेलियात एखाद्या गोष्टीचा ‘जॅक’ होणे म्हणजे तिला विटणे. ब्रिटनमध्ये ‘आय ॲम ऑल राइट, जॅक’ हे आपल्यापुरते पाहणाऱ्याचे बोल. ‘जॅक ऑफ ऑल ट्रेड्स’ (सगळी कामे जमणारा) याला पूर्वी टोमण्याचे शेपूट नव्हते, ‘मास्टर ऑफ नन’ (एकातही तरबेज नाही) नंतर चिकटले. त्यापुढे गौरवाची आणखी एक ओळ जोडून तीच मूळ म्हण असल्याचा संदेश हल्ली फिरतो. ती जोड अगदी अलीकडची आहे.

दोन जॅक या घराण्यातले नाहीतच, आणि दोघेही भारतातून गेलेले. फणसाला इंग्रजीत ‘जॅकफ्रूट’ म्हणतात, ते मल्याळम ‘चक्का’वरून पोर्तुगीजांनी केलेल्या ‘जाका’मुळे. 1563 मध्ये गोव्यात छापलेल्या गार्सिया द ओर्ता या पोर्तुगीज वैद्याच्या ग्रंथात या फळाची चर्चा आहे, आणि कोकणी मुलखातले ‘पनस’ हे नावही त्याने नोंदवले आहे. कोल्ह्याचे ‘जॅकल’ तर संस्कृत ‘शृगाल’. ते फारसी, तुर्की आणि फ्रेंचमधून फिरत इंग्रजीत पोहोचले. कानाला ओळखीचे वाटले म्हणून त्याला जॅकचे रूप दिले गेले.

मराठीत हा शब्द गॅरेजमधून आला. स्टेपनी बदलताना गाडीखाली जॅक लावतात. तिथून ‘जॅक लावणे’ म्हणजे वशिला लावणे हा अर्थ निघाला. बदली अडली, प्रवेश मिळेना, फाइल हलेना, की ‘वर कुणाचा जॅक आहे का?’ असे विचारतात. इंग्रजीत ‘जॅक अप’ म्हणजे उचलणे किंवा भाव वाढवणे. ओळखीच्या बळावर माणूस वर चढवण्याचा हा अर्थ आपल्याकडचा आहे.