पार्श्वभूमी : फिनलंडचा पहिला 'गुन्हेपट' आणि चोरटी दारू

फिनलंडचा पहिला कथापट गुन्हेपट होता, असं सर्रास लिहिलं जातं. २९ मे १९०७ रोजी हेलसिंकीत दाखवलेला 'सालाव्हीनानपोल्तायात' हा तो सुमारे २० मिनिटांचा मूकपट. तो काढला तिथल्याच एका फोटो स्टुडिओने आणि दिग्दर्शित केला एका स्वीडिश चित्रकाराने व एका फिनिश रंगनटाने. रानात दोघे दारू गाळतात, गिऱ्हाईक येतं, पत्ते रंगतात, भांडण जुंपतं आणि पोलीस येऊन थडकतात.

खरा गुंता नावात आहे. 'साला' म्हणजे चोरून, 'व्हीना' म्हणजे दारू, 'पोल्तायात' म्हणजे जाळणारे. आपण दारू गाळतो, फिनिश माणूस ती जाळतो; तेव्हा मराठीत याला हातभट्टीवालेच म्हणावं लागेल. पण त्या भट्टीला 'चोरून' कधी चिकटलं, हे न पाहता गुन्हेपटाचा शिक्का मारणं मला पटत नाही. १८६६ पर्यंत जमीनवाल्या शेतकऱ्याला घरी दारू गाळायचा हक्क होता. त्या वर्षी तो गेला. चित्रपट आला तेव्हा मधे जेमतेम ४१ वर्षं लोटली होती. आजोबांनी उजळ माथ्याने केलेलं काम नातवाला रानात लपून करावं लागत होतं. गावच्या नजरेत तो गुन्हेगार होता की नुसता पकडला गेलेला शेजारी, हा प्रश्न त्यामुळे उरतोच.

त्यात वर्ष १९०७. सार्वत्रिक मताधिकाराने निवडलेली पहिली संसद त्याच मे महिन्यात बसली आणि वर्ष सरायच्या आत तिने दारूबंदीचा कायदा संमत केला. देश रशियन साम्राज्यात होता. झारने मंजुरी दिली नाही.

बंदी लागू झाली स्वातंत्र्यानंतर, १ जून १९१९ ला. उठली ५ एप्रिल १९३२ ला. त्या काळात समुद्रावरून चोरून आणलेलं स्पिरिट, म्हणजे 'पिर्तू', घरोघरी माहीत झालं. आज फिनिश चोरटी दारू म्हटलं की हीच तस्करी आठवते आणि तिचा रंग नकळत १९०७ च्या रानातल्या भट्टीलाही फासला जातो.

पडताळायला चित्रपट मात्र नाही. त्याची प्रत हरवली आहे. झारच्या काळातल्या फिनिश कथापटांपैकी १९१३ च्या एका चित्रपटाचा तुकडा तेवढा उरला आहे. १९१६ मध्ये तर रशियन अधिकाऱ्यांनी चित्रीकरणच बंद पाडलं होतं. २०१७ मध्ये एका फिनिश दिग्दर्शकाने 'सालाव्हीनानपोल्तायात' याच नावाचा मूक लघुपट नव्याने केला; प्रेक्षकांसमोर वाजणाऱ्या संगीताच्या साथीने तो दाखवला गेला.