क्लचविना गिअरबदल

क्लचविना गिअरबदल : चालत्या वाहनात क्लच न दाबता, फक्त रेस कमी-जास्त करून गिअर बदलण्याची रीत. अमेरिकी ट्रकचालक हिला ‘फ्लोटिंग’ म्हणतात.

‘डबल क्लच’शी हिची गल्लत बऱ्याचदा होते. डबल क्लचमध्ये गिअर न्यूट्रलला आणताना एकदा आणि पुढचा टाकताना पुन्हा, असा दोनदा क्लच दाबला जातो. इथे एकदाही नाही. उगमाबद्दल दोन मते दिसतात. एका मतानुसार ही अवजड ट्रकांच्या काळातली क्लृप्ती आहे. दुसरे मत तिचा संबंध १८९० च्या दशकात पानार–लव्हासोर गाड्यांत रूढ झालेल्या सरकत्या दंतचक्रांच्या गिअरबॉक्सशी जोडते. तिला वेगळे कोणतेही साधन लागत नाही, हे पाहता दुसरे मत अधिक पटते. सुमारे १९२८ मध्ये कॅडिलॅक गाड्यांत सिंक्रोमेश (गिअर बसण्याआधी दोन्ही बाजूंचा वेग घर्षणाने आपोआप जुळवणारी कडी) आले आणि मोटारींपुरती या कौशल्याची निकड ओसरली.

दात एकमेकांवर रेटलेले असेपर्यंत गिअर सुटत नाही. रेस किंचित सोडली की दाब उतरतो आणि दांडा सहज न्यूट्रलला येतो. पुढचा गिअर बसायला इंजिनाकडची आणि चाकांकडची अशा दोन्ही बाजूंचा वेग जुळावा लागतो. तिसऱ्याचे गुणोत्तर १.५ आणि चौथ्याचे १ धरले, तर तिसऱ्यात मिनिटाला २,१०० फेरे घेणारे इंजिन चौथ्यासाठी १,४०० वर उतरू द्यावे लागते. उलट येताना न्यूट्रलमध्ये रेस देऊन ते २,१०० वर न्यावे लागते. चुकले की गिअर कडकडतो.

सिंक्रोमेशमुळे हे सोपे होते, हा समज अर्धाच खरा. क्लच दाबलेला असताना सिंक्रोच्या कड्याला क्लचप्लेट आणि गिअरबॉक्समधले हलके भाग तेवढे आवरायचे असतात. क्लच न दाबल्यास फ्लायव्हीलसकट (इंजिनाच्या जड चाकासकट) अख्खे इंजिन त्याच्या गळ्यात पडते. क्लचप्लेट वाचवायला निघालेल्याने याचा हिशेब धरलेला बरा.

खानदेशात या रीतीची खरी कसोटी घाटात. चाळीसगाव–कन्नड दरम्यानचा औट्रम (कन्नड) घाट किंवा धुळे–सुरत मार्गावरील कोंडाईबारी उतरताना गिअर सुटला आणि खालचा बसला नाही, तर इंजिनाचा रोध नाहीसा होतो आणि सगळा भार ब्रेकवर येतो. त्यातच गाडीचा वेग वाढत जातो, म्हणजे जुळवायचे फेरेही वाढतात. उशीर झाला की ते इंजिनाच्या आवाक्याबाहेर जातात. चढावर अडचण उलटी : वेग झपाट्याने पडतो. म्हणून खालचा गिअर घाटाच्या तोंडाशीच टाकलेला चांगला.

मोटारसायकलचा गिअरबॉक्स सिंक्रोविना असतो; त्यात वरचे गिअर विनाक्लच सहज पडतात. क्लचची केबल तुटली तरी त्यामुळे गाव गाठता येते. मात्र थांबलेली गाडी हलवायला क्लच हवाच. नाहीतर ती पहिल्या गिअरमध्ये ठेवून सेल्फ मारावा लागतो, आणि अनेक नव्या गाड्यांत क्लच दाबल्याशिवाय सेल्फच लागत नाही.