फ्रेडी मर्क्युरी

(५ सप्टेंबर १९४६ – २४ नोव्हेंबर १९९१). ब्रिटिश गायक, गीतकार, पियानोवादक आणि ‘क्वीन’ या बँडचा मुख्य गायक. मूळ नाव फारोख बलसारा. जन्म झांझिबारमधील स्टोन टाउनचा, पारशी कुटुंबातला. वडील बोमी तिथल्या ब्रिटिश सरकारी कचेरीत रोखपाल होते; आईचे नाव जेर, धाकटी बहीण कश्मीरा.

आठव्या वर्षी त्याला शिक्षणासाठी पाचगणीला पाठवण्यात आले. झांझिबारहून बोटीने मुंबई आणि तिथून घाट चढून सेंट पीटर्स ही निवासी शाळा. आफ्रिकेच्या किनाऱ्यावर नोकरी करणाऱ्या पारशी घरांना यात नवल वाटण्यासारखे काही नव्हते. सुट्टीत झांझिबारला जाणे दर वेळी शक्य नसे, तेव्हा तो मुंबईतल्या नातेवाइकांकडे राही. फारोखचा फ्रेडी याच शाळेत झाला. त्याची संगीतातली गती ओळखून मुख्याध्यापकांनी घरी पत्र लिहिले, जादा फी भरून पियानोची शिकवणी लावावी असे सुचवले, आणि मुलाने चौथ्या श्रेणीपर्यंत मजल मारली. शाळेच्या गायनवृंदात तो गाई, नाटकांत कामे करी. १९५८च्या सुमारास पाच मुलांनी मिळून ‘द हेक्टिक्स’ नावाचा बँड काढला आणि शाळेच्या कार्यक्रमांत रॉक अँड रोल वाजवायला सुरुवात केली. त्या पाचांपैकी डेरिक ब्रँच पुढे अभिनेता झाला, तर व्हिक्टरी राणा नेपाळच्या सैन्यात जनरलपदापर्यंत पोहोचला. या बँडमध्ये फ्रेडी मात्र मुख्यतः पियानोवर असे; गाण्याची धुरा दुसऱ्याकडे होती. चरित्रलेखक पाचगणीची ही वर्षे झटपट उरकून लंडन गाठतात. ते त्यांच्या सोयीचे असले, तरी घरापासून समुद्रापार राहणाऱ्या मुलाला लोकांसमोर उभे राहायची सवय इथेच लागली, हे नजरेआड करता येत नाही.

१९६३मध्ये तो झांझिबारला परतला. पुढच्याच जानेवारीत तिथे क्रांती झाली, अरब आणि भारतीय वंशाच्या लोकांवर हल्ले झाले आणि बलसारा कुटुंब लंडनजवळच्या फेल्थमला आले. फ्रेडीने ईलिंगच्या कला महाविद्यालयातून १९६९मध्ये ग्राफिक डिझाइनची पदविका घेतली. केन्सिंग्टनच्या बाजारात ढोलवादक रॉजर टेलरबरोबर जुन्या कपड्यांचा गाळा चालवला. टेलर आणि गिटारवादक ब्रायन मे यांच्या ‘स्माइल’ बँडचा गायक १९७०मध्ये बाहेर पडला, ती जागा फ्रेडीने घेतली. ‘क्वीन’ हे नाव त्याचे, बँडचे मानचिन्हही त्यानेच काढलेले: चौघांच्या राशींप्रमाणे दोन सिंह, एक खेकडा आणि कन्या राशीच्या स्वतःसाठी दोन पऱ्या. बेस गिटारवादक जॉन डीकन १९७१मध्ये आला. याच सुमारास बलसारा आडनाव जाऊन मर्क्युरी आले.

भारताबद्दल आणि झांझिबारबद्दल तो पुढे क्वचितच बोलला. यावरून त्याला दोष देणारे आहेत. पण १९६८मध्ये खासदार इनॉक पॉवेलच्या स्थलांतरितविरोधी भाषणाने इंग्लंड ढवळून निघाले होते आणि दक्षिण आशियाई चेहऱ्याला रस्त्यात शिव्या खाव्या लागत होत्या. त्या देशात रॉक गायक म्हणून उभे राहायचे तर जुने नाव मागे ठेवणे हा हिशेबी निर्णयही असू शकतो. घरी मात्र आईवडिलांचा धर्म आणि रीतीरिवाज चालूच राहिले.

बँडचा पहिला अल्बम १९७३चा. १९७५मध्ये आलेले ‘बोहेमियन ऱ्हॅप्सडी’ हे जवळपास सहा मिनिटांचे गाणे मर्क्युरीचे. त्याला रूढ अर्थाने धृपद नाही. संथ पियानो, मध्येच ऑपेराचा कल्लोळ आणि मग कडकडीत रॉक. रेडिओवर एवढे लांब गाणे कोण वाजवणार, ही रेकॉर्ड कंपनीची भीती खोटी ठरली आणि ते ब्रिटनमध्ये सलग नऊ आठवडे अग्रस्थानी राहिले. दूरचित्रवाणीसाठी काही तासांत चित्रित केलेली त्याची चित्रफीत पुढच्या म्युझिक व्हिडिओंचा पाया मानली जाते.

त्याची खरी करामत दिसते ती मैदानावर. श्रोते आपल्यावर ताण करून गातात हे १९७७मध्ये बँडच्या ध्यानात आले, आणि त्यांना गप्प करण्याऐवजी त्यांनाच गाण्यात घ्यायचे ठरले. त्यातून मे याने पाय आपटत, टाळ्या वाजवत म्हणायचे ‘वी विल रॉक यू’ लिहिले, मर्क्युरीने ‘वी आर द चॅम्पियन्स’. क्रिकेट असो वा फुटबॉल, सामना संपल्यावर ही गाणी आजही लागतात, आणि ती कोणाची हे गाणाऱ्या अनेकांना ठाऊक नसते. १३ जुलै १९८५ रोजी इथिओपियाच्या दुष्काळग्रस्तांसाठी झालेल्या ‘लाइव्ह एड’मध्ये क्वीनच्या वाट्याला सुमारे वीस मिनिटे आली. लंडनच्या वेम्बली मैदानावर ७० हजारांवर माणसे होती. संध्याकाळच्या उजेडात, रोषणाईचा आधार नसताना, मर्क्युरीने नुसत्या ‘एSS ओ’च्या ताना फेकल्या आणि मैदानाने त्या जशाच्या तशा परत केल्या. कीर्तनकार श्रोत्यांकडून पालुपद म्हणवून घेतो, तितक्या सहजतेने.

वर्षभर आधीची गोष्ट एवढी गौरवाची नाही. १९८४मध्ये वर्णभेदी राजवटीवरचा सांस्कृतिक बहिष्कार मोडून क्वीनने दक्षिण आफ्रिकेतल्या सन सिटीत कार्यक्रम केले. ब्रिटनच्या संगीतकार संघटनेने त्याबद्दल दंड केला आणि टीका बराच काळ पाठीशी लागली. बँडसोबतचा मर्क्युरीचा अखेरचा जलसा ९ ऑगस्ट १९८६ रोजी नेबवर्थला झाला. ऑपेरा गायिका माँत्सेरात कबाये हिच्याबरोबर गायलेले ‘बार्सिलोना’ त्यानंतरचे; ते १९९२च्या ऑलिंपिकशी जोडले गेले, पण तोवर तो हयात नव्हता.

एड्सचे निदान १९८७च्या सुमारास झाले. (त्याच्यावरील २०१८च्या गाजलेल्या चित्रपटात ते ‘लाइव्ह एड’च्या आधीचे दाखवले आहे, ते सोयीचे नाट्य.) आजार त्याने चार वर्षे झाकून ठेवला, कामही थांबवले नाही. २३ नोव्हेंबर १९९१ रोजी निवेदन काढून तो जाहीर केला आणि दुसऱ्याच दिवशी लंडनच्या राहत्या घरी त्याचे निधन झाले. अंत्यविधी पारशी धर्मगुरूंनी केले. अस्थी कुठे आहेत हे गुप्त राखले गेले. एवढ्या प्रसिद्ध माणसाने आधी बोलायला हवे होते, असे म्हणणारे तेव्हाही होते. तरी २० एप्रिल १९९२ रोजी वेम्बलीवर झालेल्या स्मृतिकार्यक्रमाने एड्स हा विषय घराघरांत नेला. त्यातून उभा राहिलेला मर्क्युरी फिनिक्स ट्रस्ट एचआयव्हीसंबंधीच्या कामांना आजही निधी देतो.

स्वित्झर्लंडमधील माँत्रे येथे सरोवराकाठी १९९६पासून त्याचा पुतळा आहे. फेल्थमच्या घरावर २०१६मध्ये निळी स्मृतिफलिका लागली. जन्मगावी गोष्ट इतकी सोपी नव्हती. २००६मध्ये स्टोन टाउनला त्याच्या साठाव्या जन्मदिनाचा सोहळा ठरला, तेव्हा त्याच्या समलिंगी जीवनावर बोट ठेवून एका धार्मिक गटाने विरोध केला. २०१९पासून तिथे त्याच्या नावाचे संग्रहालय आहे आणि पर्यटक तिकीट काढून ते पाहतात.