बॉक्स उघडलात की आधी हे वाचा : आकड्यांची जादू चालते कशी

नमस्कार मंडळी, बॉक्स घेतलात त्याबद्दल मनापासून थँक्यू. आत आकड्यांच्या ३० लाकडी सोंगट्या, नऊ खणांची चौकट, एक पाटी आणि ५० कवड्या आहेत, आधी मोजून घ्या.

आता एक गोष्ट क्लिअर करतो कारण फोनवर रोज कोणीतरी विचारतंच. हे अंकज्योतिष नाहीये. मुलाचा लकी नंबर कुठला, नवीन गाडीला कोणता नंबर घेऊ, नावात एक अक्षर वाढवलं तर धंदा चालेल का, यातलं काहीही आमची सोंगटी सांगणार नाही. 'लकी किट' म्हणून विका असं एका दुकानदाराने फारच लावून धरलं तेव्हा आम्ही तिथे माल देणंच बंद केलं, नुकसान झालं पण चालेल. आमची जादू आम्ही रचलेली आहे, म्हणजे मांत्रिक, विहीर, पहारेकरी, वाडा हे सगळं आमच्या डोक्यातलं, पण मंत्राच्या आत जे आकडे आहेत ते शंभर टक्के खरे, कागद घेऊन स्वतः करून बघा.

या जगाचा मेन नियम असा की मंत्र नुसता तोंडाने म्हणून लागत नाही, करून दाखवावा लागतो. गणित चुकलं की मंत्र फुकट गेला. ज्या मुलाला हातचा घेऊन वजाबाकी येते त्याला हा खेळ जमतोच.

पहिला मंत्र म्हणजे सात पायऱ्यांची विहीर, आमचा सगळ्यात लाडका. कुठल्याही चार सोंगट्या घ्या, फक्त चारही सारख्या नकोत. आधी मोठ्यापासून लहानापर्यंत मांडा, मग उलट, आणि मोठ्या संख्येतून लहान वजा करा, जे येईल त्याचं परत तेच. संख्या विहिरीत एकेक पायरी उतरत जाते आणि तळाशी कायम एकच आकडा बसलेला असतो, ६१७४. ३५२४ घ्या, ५४३२ वजा २३४५ म्हणजे ३०८७, मग ८७३० वजा ०३७८ म्हणजे ८३५२, मग ८५३२ वजा २३५८ आणि आलं ६१७४, तीन पायऱ्यांत तळ. सातपेक्षा जास्त पायऱ्या कुठल्याच संख्येला लागत नाहीत. जितक्या पायऱ्या तितक्या कवड्या तुमच्या, म्हणून पोरं लांबचा रस्ता शोधत बसतात. २००५ टाकून बघा : ५१७५, ५९९४, ५३५५, १९९८, ८०८२, ८५३२, ६१७४. पुऱ्या सात!

इथे सगळ्यात जास्त चूक शून्याची होते. २१११ वजा १११२ म्हणजे ९९९, आणि मग लोक म्हणतात तीनच आकडे उरले, खेळ बिघडला. बिघडला नाही हो, पुढे शून्याची सोंगटी ठेवा, ०९९९, आणि चालू ठेवा. आणि एका आकड्याच्या तीनच सोंगट्या का दिल्यात असं बरेच जण विचारतात, तर ते मुद्दामच आहे, चार सारखे आकडे मांडले तर वजाबाकी शून्य येते आणि विहीर कोरडी, म्हणून तसं मांडताच येऊ नये.

हा ६१७४ आमचा शोध नाही. तो दत्तात्रय रामचंद्र कापरेकर सरांचा. १९०५ मध्ये डहाणूला जन्मले, देवळालीला शाळेत शिकवायचे, म्हणजे नाशिकच्या आमच्या वर्कशॉपपासून अगदी जवळ. १९७५ मध्ये अमेरिकेत गणिताच्या कोड्यांवर लिहिणाऱ्या मार्टिन गार्डनर यांनी त्यांच्यावर लिहिलं तेव्हा बाहेर नाव झालं, आपल्याकडे मात्र अजून कितीतरी पोरांना ते माहीत नाहीत याचं आम्हाला खरंच वाईट वाटतं, हा बॉक्स बनवायचं निम्मं कारण तेच.

दुसरा मंत्र, नऊचा पहारेकरी. समोरच्याने मनात संख्या धरायची, तिच्यातून तिच्याच आकड्यांची बेरीज वजा करायची, उत्तर सोंगट्यांनी मांडायचं आणि एक सोंगटी मुठीत लपवायची, शून्य सोडून कुठलीही. उरलेल्या दिसतायत त्यांची बेरीज करा, पुढच्या नवाच्या पाढ्यातल्या आकड्याला जितके कमी पडतात तितकं मुठीत आहे. काहीच कमी पडत नसेल तर मुठीत नऊ. ५२८३ मधून १८ गेले, ५२६५, दोन लपवला, पाच-सहा-पाच सोळा, अठराला दोन कमी. असं का होतं ते सोपं आहे, संख्येतून आकड्यांची बेरीज काढली की उरलेल्याला नवाने पूर्ण भाग जातोच.

आमच्या पहिल्या लॉटमध्ये मात्र याच मंत्रात घोळ झाला होता. सोंगट्यांवर आकडे इंग्रजी पद्धतीचे आहेत, त्यामुळे सहाची सोंगटी उलटी ठेवली की नऊ दिसतो, मग सोळाची बेरीज एकोणीस होते आणि उत्तर दोनऐवजी आठ. एका चौथीतल्या मुलीने चिठ्ठी लिहून कळवलं की तुमची जादू खोटी आहे. तिला नवा सेट पाठवला, आणि तेव्हापासून सहा आणि नऊच्या खाली रेघ कोरतो. रेघ तुमच्याकडे करून ठेवा.

तिसरा, पंधराचा वाडा. एक ते नऊ एकेकदाच, आडवे उभे तिरपे कसेही मोजा पंधरा. मधल्या खणात पाचच येतो. का? मधून चार रेषा जातात, चारांची बेरीज साठ, त्यात सगळे आकडे एकेकदा म्हणजे पंचेचाळीस, आणि मधला तीनदा जास्तीचा, म्हणजे पंधराला तीनने भागा. एवढं सांगितलं, बाकी भरायचं तुमचं काम. अशा चौकटी आपल्याकडे फार जुन्या आहेत, जुने गणिती नारायण पंडितांनी १३५६ मध्येच भद्रगणित म्हणून त्या मांडल्यात, आणि खजुराहोच्या पार्श्वनाथ मंदिरात सोळा खणांची ३४ बेरजेची चौकट कोरलेली आहे, गेलात तर नक्की बघा.

सोंगट्या पाण्याने धुवू नका, ओल्या फडक्याने पुसा आणि वर्षातून एकदा खोबरेल तेलाचं बोट फिरवा. एखादी हरवली तर खोक्यावरच्या नंबरला व्हॉट्सअ‍ॅप करा, कुठला आकडा ते लिहा, दुसरी पोस्टाने पाठवू, पैसे नकोत. आणि सात पायऱ्यांची नवीन संख्या सापडली तर तीही पाठवा, वर्कशॉपच्या फळ्यावर आम्ही लिहून ठेवतो.