जनहित याचिका की हरित लवाद? नळाच्या पाण्याचं गाऱ्हाणं कुठे न्यायचं

नळाला वास मारणारं पाणी आलं की सोसायटीच्या ग्रुपवर दोन वाक्यं हमखास पडतात : "जनहित याचिका टाकू" आणि "हरित लवादात जाऊ". बोलणाऱ्याला बहुतेक वेळा दोन्ही एकच वाटतं. दोन्हीकडे वकील, दोन्हीकडे तारखा, दोन्हीकडे पालिका प्रतिवादी. पण दारं वेगळी आहेत.

जनहित याचिका जाते उच्च न्यायालयात, राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खाली. पालिका आपलं कर्तव्य बजावत नाही आणि त्यामुळे लोकांच्या जगण्याच्या हक्कावर, म्हणजे अनुच्छेद 21 वर, गदा येते, असं तिचं म्हणणं असतं. सुभाष कुमार विरुद्ध बिहार राज्य या 1991 च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने प्रदूषणमुक्त पाणी हा त्याच हक्काचा भाग मानला. पाण्याच्या याचिकांत हा निकाल सर्रास येतो, पण त्याचा शेवट फारसं कुणी सांगत नाही : ती याचिका फेटाळली गेली होती. याचिकाकर्ता कोळसा धुऊन उरणारा गाळ विकत घेत असे, त्याला तो जास्त हवा होता आणि तो मिळत नव्हता. नदीच्या प्रदूषणाआड खासगी भांडण आहे, हे न्यायालयाने ओळखलं. तेव्हा प्लंबिंगच्या कंत्राटदाराशी तुमचा हिशेब अडकला असेल, तर जनहिताचं नाव न घेतलेलंच बरं. त्यासाठी ग्राहक आयोग आहे.

राष्ट्रीय हरित लवादाचा जन्म 2010 च्या कायद्यातून झाला. पाणी प्रदूषण कायदा 1974, पर्यावरण संरक्षण कायदा 1986 अशा ठरावीक कायद्यांतून उठणारा पर्यावरणाचा मोठा प्रश्नच तिथे चालतो. महाराष्ट्राची प्रकरणं पुण्याच्या खंडपीठाकडे जातात. न्यायाधीशांच्या शेजारी तज्ज्ञ सदस्य बसतात, हा मोठा फायदा. घड्याळ मात्र कडक : तक्रारीचं कारण घडल्यापासून सहा महिने, सबळ कारण असेल तर वर फार तर साठ दिवस. नुकसानभरपाईच्या अर्जाला पाच वर्षं मिळतात. जनहित याचिकेला अशी आखीव मुदत नाही, पण उशीर का झाला, हे विचारलं जातंच.

पाइपचं उदाहरण घेतलं की फरक उघड होतो. पीव्हीसी तापवून पाइप ओढताना ते विघटित होऊ नये म्हणून त्यात स्थिरक मिसळतात. स्वस्तातला स्थिरक म्हणजे शिशाची संयुगं, आणि ते शिसं पाण्यात उतरू शकतं. हा सरळसरळ मानकांचा, रसायनांचा प्रश्न. तो लवादापुढे गेला आणि अखेर 2021 मध्ये केंद्राने पीव्हीसी पाइपमधल्या शिशाच्या स्थिरकांवर नियम काढले. उलट, गटारालगतची जुनी जलवाहिनी गळते, पाणी बंद झालं की दाब उतरतो आणि फटीतून सांडपाणी आत ओढलं जातं. वाहिनी बदला, तोवर टँकर द्या, हे पालिकेला बजावून घ्यायचं, तर माझ्या मते उच्च न्यायालयच बरं. आणि लवाद आहे म्हणून उच्च न्यायालयाचा अधिकार संपत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 2022 मध्ये स्पष्ट केलंय. तरीही न्यायमूर्ती "आधी लवादाकडे जा" म्हणू शकतात.

दार कुठलंही असो, नमुना नीट हवा, आणि इथेच बहुतेकांची गोची होते. शिशासाठी रात्रभर पाइपात साचलेलं पहिलं पाणी भरायचं. आधी नळ वाहू दिला तर पुरावाच वाहून गेला. जिवाणूंसाठी प्रयोगशाळेची निर्जंतुक बाटली, बर्फात ठेवून चोवीस तासांच्या आत पोचवलेली. मर्यादा आयएस 10500 या पिण्याच्या पाण्याच्या भारतीय मानकात आहेत : शिसं लिटरमागे 0.01 मिलिग्रॅम, आणि 100 मिलिलिटरमध्ये ई-कोलाय अजिबात नको. मोबाइलवर काढलेला गढूळ बादलीचा फोटो अहवालासोबत जरूर जोडा, नुसता फोटो मात्र पुरत नाही.