आमदाराच्या मताचे वजन

सुरत-भुसावळ लोहमार्गावरच्या नवापूर स्थानकातून महाराष्ट्र आणि गुजरात यांची सीमा जाते. तेथील फलाटावर एक बाकडे आहे. त्याच्या अर्ध्या भागावर महाराष्ट्र आणि उरलेल्या अर्ध्यावर गुजरात असे रंगवलेले आहे. राष्ट्रपतिपदाच्या निवडणुकीत या सीमेच्या अलीकडच्या आमदाराच्या मताचे मूल्य १७५ धरले जाते आणि पलीकडच्या आमदाराच्या मताचे १४७. शिरपूरहून सातपुडा ओलांडून सेंधव्याच्या बाजूस उतरले, की मध्य प्रदेशात हाच आकडा १३१ होतो. शाळेत गणित शिकवत असताना मी हे तीन आकडे फळ्यावर लिहिले, तेव्हा एका मुलीने विचारले, "सर, मग आपला आमदार त्यांच्या आमदारापेक्षा मोठा का?" प्रश्न अगदी रास्त होता, आणि त्याचे उत्तर राष्ट्रपतींची निवड कशी होते याच्या मुळाशी नेणारे आहे.

राष्ट्रपतींना आपण नागरिक थेट निवडून देत नाही. संविधानाच्या अनुच्छेद ५४ नुसार संसदेच्या दोन्ही सभागृहांचे निवडून आलेले सदस्य आणि राज्यांच्या विधानसभांचे निवडून आलेले सदस्य मिळून निर्वाचक मंडळ तयार होते. दिल्ली आणि पुदुच्चेरी येथील आमदारांचाही त्यात समावेश आहे. राज्यसभेतील नामनियुक्त सदस्यांना या निवडणुकीत मत नाही, आणि विधान परिषदेच्या सदस्यांनाही नाही. ज्याच्या पाठीशी मतदारसंघातील जनता उभी नाही त्याला येथे स्थान नाही, हे तत्त्व विधानसभांच्या बाबतीत काटेकोर पाळलेले दिसते.

आता आमदाराच्या मताचे मूल्य पाहू. राज्याची लोकसंख्या घ्यायची, तिला निवडून आलेल्या आमदारांच्या संख्येने भागायचे आणि आलेल्या उत्तराला पुन्हा १,००० ने भागायचे. बाकी ५०० किंवा त्याहून अधिक उरली, तर एक वाढवायचा. लोकसंख्या १९७१ च्या जनगणनेची धरतात. त्या वर्षी महाराष्ट्राची लोकसंख्या ५,०४,१२,२३५ होती. २८८ आमदारांनी भागले, की प्रत्येकाच्या वाट्याला सुमारे १,७५,०४२ माणसे येतात, म्हणजे मूल्य १७५. गुजरातमध्ये १८२ आमदारांपैकी प्रत्येकामागे १,४६,६९० च्या आसपास माणसे येतात, म्हणून १४७. उत्तर प्रदेशात हे मूल्य २०८ आहे, तर सिक्कीममध्ये अवघे ७.

त्या मुलीला मी केळीचे उदाहरण दिले. रावेर-सावद्याकडे केळीचा सौदा घडांची संख्या मोजून होत नाही. माल काट्यावर जातो आणि भाव क्विंटलला ठरतो. घड दहाच असले, तरी ते किती भरतात यावर पैसे मिळतात. आमदार म्हणजे येथे घड आहे, आणि काटा माणसांचा आहे. आमदाराचा मान किंवा अनुभव या हिशेबात येतच नाही. १७५ आणि १४७ हे वेगवेगळे आकडे असले, तरी दोन्हीकडे हजार माणसांमागे साधारण एकच मत पडते. बाहेरून विषम दिसणारी ही रचना प्रत्यक्षात समानतेसाठीच केलेली आहे, आणि अनुच्छेद ५५ मध्ये राज्याराज्यांत शक्य तितके एकसारखे प्रमाण राखण्याचा जो आग्रह आहे, त्याचा अर्थ हाच.

खासदारांच्या मताचे मूल्य याच हिशेबातून पुढे काढले जाते. सर्व विधानसभांच्या मतमूल्यांची बेरीज करून तिला निवडून आलेल्या खासदारांच्या संख्येने भागतात. २०२२ मध्ये ही बेरीज ५,४३,२३१ होती, खासदार ७७६ होते आणि उत्तर ७०० आले. त्यापूर्वीच्या निवडणुकीत ते ७०८ होते. जम्मू-काश्मीरची विधानसभा २०२२ मध्ये अस्तित्वात नव्हती, म्हणून बेरीज घटली आणि प्रत्येक खासदाराच्या मताचे वजनही घटले. अशा रीतीने संसदेकडे ५,४३,२०० आणि राज्यांकडे ५,४३,२३१ मते, असे दोन्ही पारड्यांचे वजन जवळजवळ सारखे राहते. केवळ दिल्लीत बहुमत आहे म्हणून कोणत्याही पक्षाला आपल्या मनासारखा राष्ट्रपती बसवता येऊ नये, यासाठी ही तजवीज आहे. जळगाव, धुळे आणि नंदुरबार या तीन जिल्ह्यांतून विधानसभेचे २० आमदार निवडून जातात. त्यांची ३,५०० मते होतात. सिक्कीमच्या सगळ्या ३२ आमदारांची मिळून २२४ भरतात.

मात्र १९७१ चीच जनगणना का, हा प्रश्न वाचकाच्या मनात आला असेल. १९७६ च्या ४२व्या घटनादुरुस्तीने लोकसंख्येचा आकडा २००० सालापर्यंत गोठवला, आणि पुढे ८४व्या घटनादुरुस्तीने ही मुदत २०२६ नंतरच्या पहिल्या जनगणनेचे आकडे प्रसिद्ध होईपर्यंत वाढवली. कुटुंबनियोजन मनापासून राबवणाऱ्या राज्यांचे राजकीय वजन त्याच कारणाने घटू नये, हा त्यामागचा विचार होता. २०११ ची लोकसंख्या धरून मी हिशेब करून पाहिला, तेव्हा उत्तर प्रदेशच्या आमदाराचे मूल्य ४९६ आले, महाराष्ट्राचे ३९० आणि केरळचे २३९. आज केरळच्या आमदाराचे मत उत्तर प्रदेशच्या आमदाराच्या मताच्या जवळजवळ तीन चतुर्थांश भरते. नव्या हिशेबात ते निम्म्याहूनही खाली जाईल. केरळची भीती मला खरी वाटते. पण १९७१ नंतर जन्मलेली माणसे काट्यावर चढतच नाहीत, हेही तितकेच खरे आहे, आणि माझ्या वर्गातली ती मुलगी त्यांच्यातच मोडते. हा पेच गणिताने सुटणारा नाही. तो राज्यांनी एकमेकांशी बोलूनच सोडवावा लागेल.

मतदानाची पद्धतही आपल्या नेहमीच्या निवडणुकीहून वेगळी आहे. येथे मतदान यंत्र नसते, चिन्हही नसते. खासदारांना हिरवी आणि आमदारांना गुलाबी मतपत्रिका मिळते, आणि उमेदवारांच्या नावांपुढे पसंतीचे क्रमांक लिहावे लागतात. हे क्रमांक कोणत्याही भारतीय भाषेतील अंकांत लिहिता येतात, त्यामुळे आपल्या आमदाराने देवनागरीत '१' लिहिला तरी चालतो. पण 'एक' असे अक्षरी लिहिले, तर ते ग्राह्य धरले जात नाही. पहिली पसंती देणे आवश्यक आहे, पुढच्या ऐच्छिक आहेत. मतदान गुप्त असते आणि पक्षांना या निवडणुकीत पक्षादेश काढता येत नाही.

वैध मतांच्या मूल्याला दोनाने भागून त्यात एक मिळवला, की जिंकण्यासाठी लागणारा कोटा मिळतो. पहिल्या मोजणीत कोणीही कोटा गाठला नाही, तर सर्वांत कमी मते असलेला उमेदवार बाद होतो आणि त्याच्या मतपत्रिका दुसऱ्या पसंतीप्रमाणे इतरांकडे जातात. कोटा पूर्ण होईपर्यंत हे चालू राहते. या पद्धतीचा खरा कस १९६९ मध्ये लागला. त्या वर्षी १५ उमेदवार होते आणि कोटा ४,१८,१६९ होता. व्ही. व्ही. गिरी यांना पहिल्या पसंतीची ४,०१,५१५, नीलम संजीव रेड्डी यांना ३,१३,५४८ आणि रिझर्व्ह बँकेचे पहिले भारतीय गव्हर्नर चिंतामणराव देशमुख यांना १,१२,७६९ मते पडली. गिरी पुढे होते, पण कोट्याला साडेसोळा हजारांहून अधिक कमी पडत होते. मग एकेक उमेदवार बाद होत गेला आणि शेवटी देशमुखांच्या मतपत्रिकाही वाटल्या गेल्या. वाटल्या गेलेल्या मतांपैकी ९१,८७९ रेड्डींकडे गेली आणि गिरींकडे केवळ १८,५६२. पण गिरींना तेवढी पुरली. ४,२०,०७७ विरुद्ध ४,०५,४२७ असा निकाल लागला. सुमारे १०,८०० मूल्याच्या मतांवर या दोघांपैकी कोणालाही पुढची पसंती दिलेली नसल्यामुळे ती मोजणीतून गळाली. ती सगळी रेड्डींना मिळाली असती, तरी १४,६५० चे अंतर भरून निघाले नसते. मात्र आणखी थोडे आमदार-खासदार दुसरीकडे वळले असते, तर आपला चौथा राष्ट्रपती वेगळा असता, इतकी ही मोजणी नाजूक होती.

त्या १९६९ च्या निर्वाचक मंडळात एदलाबादच्या, म्हणजे आजच्या मुक्ताईनगरच्या, आमदार प्रतिभा पाटील होत्या. बोदवडजवळच्या नाडगावात जन्मलेल्या आणि जळगावच्या मूळजी जेठा महाविद्यालयात शिकलेल्या प्रतिभाताई २००७ मध्ये स्वतः उमेदवार झाल्या आणि भैरोंसिंह शेखावत यांच्या ३,३१,३०६ मतांविरुद्ध ६,३८,११६ मते मिळवून देशाच्या पहिल्या महिला राष्ट्रपती झाल्या. शिवसेना तेव्हा विरोधी आघाडीत होती, तरीही तिने मराठी उमेदवार म्हणून त्यांना पाठिंबा दिला. प्रतिभाताईंचा शपथविधी आमच्या भागात घरोघरी दूरचित्रवाणीवर पाहिला गेला, आणि त्या दिवसाचा अभिमान मला आजही वाटतो.

एवढ्या बारकाईने निवडलेल्या व्यक्तीच्या हाती प्रत्यक्षात काय असते? संविधान सभेत के. टी. शाह यांनी राष्ट्रपतींची निवड थेट जनतेने करावी असा आग्रह धरला होता. जवाहरलाल नेहरूंचे म्हणणे असे, की कारभाराची सत्ता मंत्रिमंडळाकडे ठेवायची असेल, तर कोट्यवधी लोकांच्या थेट मतांवर राष्ट्रपती निवडणे विसंगत ठरेल. मला हा युक्तिवाद पटतो, कारण थेट कौल मिळालेला राष्ट्रपती आणि थेट कौल मिळालेली लोकसभा यांच्यात खडाजंगी झाली, तर कोणाचे ऐकावे याचे उत्तर कोणत्याही अनुच्छेदातून मिळणार नाही. म्हणून संघराज्याची कार्यकारी सत्ता आणि सैन्यदलांचे सर्वोच्च आधिपत्य राष्ट्रपतींच्या नावे आहे, पण ते वापरायचे मंत्रिमंडळाच्या सल्ल्याने. ४२व्या घटनादुरुस्तीने हा सल्ला बंधनकारक असल्याचे स्पष्ट केले, आणि १९७८ च्या ४४व्या दुरुस्तीने तो एकदा फेरविचारासाठी परत पाठवण्याची मुभा दिली. हे एकदाच परत पाठवणे किरकोळ नाही. १९९७ मध्ये उत्तर प्रदेशात राष्ट्रपती राजवट लावण्याची शिफारस के. आर. नारायणन यांनी परत पाठवली, आणि केंद्र सरकारने ती सोडून दिली.

राष्ट्रपतींना पदावरून दूर करण्याची रीत मात्र निवडीच्या रीतीशी जुळत नाही. महाभियोग संसदेत चालतो, दोन्ही सभागृहांत एकूण सदस्यसंख्येच्या दोन तृतीयांश बहुमत लागते, आणि त्यात नामनियुक्त सदस्यांना मत आहे, आमदारांना नाही. निवडताना राज्यांचे वजन निम्मे आणि काढताना शून्य, ही रचनेतील उणीव आहे असे माझे मत आहे. आजवर कोणत्याही राष्ट्रपतींना महाभियोगाने दूर केले गेलेले नाही, म्हणून तिच्याकडे फारसे लक्ष गेले नसावे.

खान्देशाच्या दृष्टीने या पदाचा सर्वांत जवळचा संबंध संविधानाच्या पाचव्या अनुसूचीतून, म्हणजे आदिवासी भागांच्या कारभाराविषयीच्या तरतुदींतून, येतो. कोणता प्रदेश अनुसूचित क्षेत्र मानायचा हे राष्ट्रपती आदेशाने ठरवतात. महाराष्ट्रासाठी असा आदेश १९८५ मध्ये निघाला आणि त्यात नवापूर, तळोदे, अक्कलकुवा आणि अक्राणी हे तालुके पूर्णपणे आले. शहादे, साक्री, शिरपूर, चोपडा, यावल, रावेर येथील काही गावेही आली. या क्षेत्राच्या कारभाराविषयी राज्यपालांनी दरवर्षी, आणि राष्ट्रपतींनी मागितल्यास केव्हाही, राष्ट्रपतींना अहवाल पाठवायचा असतो. धडगावच्या डोंगरातील पाड्यांवर पाणी, रस्ता आणि जमिनीचा हक्क पोहोचला की नाही, हे त्या अहवालात यायला हवे.